साखरबाईची तडजोड

शिरूरच्या कोर्टासमोर चहाच्या टपरीला लागून माझं टायपिंगचं टेबल आहे. सतरा वर्षं मी लोकांची भांडणं टाईप करतोय आणि त्याहून जास्त त्यांच्या तडजोडी. तडजोडीचा मजकूर कॉम्प्युटरमध्ये तयारच असतो. ‘सदर प्रकार गैरसमजातून घडला असून आता आमची एकमेकांविरुद्ध काही तक्रार राहिलेली नाही.’ फक्त नावं बदलायची. डोकं फुटलेलं असो की पाय मोडलेला, माझ्याकडे सगळा गैरसमजच. त्याची लाज वाटायचं काही कारण नव्हतं. मग साखरबाई आली.

साखरबाई पाबळकडच्या धनगरवस्तीवरची. नवरा गेल्यावर दीडशे मेंढरं तिनं आणि तिच्या लेकीनं, अंकितानं, सांभाळली. पेरणीआधी शेतकरी रानात मेंढरं बसवून घेतात. रानाला लेंडीखत मिळतं, धनगराला धान्य. आधी कुणाच्या रानात बसायचं हे साखरबाईनं एकदा सांगितलं की सांगितलं. त्या वर्षी घोडनदीकाठच्या म्हाताऱ्या तात्याबाला तिनं शब्द दिला होता. शेजारचा बागायतदार पृथ्वीराज म्हणाला, आधी माझ्याकडं. ती म्हणाली, “तीन दिसांनी येते, मालक. तात्याबांना शब्द दिलाय.”

काही माणसांना ‘थांबा’ हा शब्द शिवीसारखा लागतो. दिवस मावळायला पृथ्वीराज ऊसतोडीचा कोयता घेऊन तात्याबाच्या रानात शिरला. मेंढरांभोवती धनगर जाळं लावतात, त्याला वाघर म्हणतात. ते तोडून मेंढरं आपल्या रानात हाकायची, एवढाच त्याचा बेत. आडव्या आलेल्या साखरबाईच्या कुत्र्याची मान त्यानं एका घावात तोडली. मग वाघरीच्या दोरीवर कोयता उगारला. साखरबाईनं दोरी घट्ट धरली.

“सोड!”

“न्हाई सोडत.”

कोयता तिच्या हातावर बसला. रक्ताची चिळकांडी कोकरांच्या अंगावर उडाली. मेंढरं बिथरली, तिला तुडवत धावली. त्यानं पुन्हा कोयता उचलला, तेवढ्यात अंकितानं मेखा ठोकायची पहार उपसून त्याच्या तोंडावर घातली. जबडा मोडला, दात मातीत सांडले. तो पडल्यावर तिनं दुसरा घाव गुडघ्यावर घातला. तिसरा डोक्यावरच बसायचा, पण रक्तानं निथळणाऱ्या साखरबाईनं तिला कमरेला मिठी मारली. “मरंल त्यो! आन् तू आत जाशील!”

केसेस दोन झाल्या. एक पृथ्वीराजवर, एक अंकितावर. दरम्यान अंकिता पोलीस भरतीत निवडली गेली आणि चारित्र्य पडताळणीत तिची केस निघाली. महिन्याभरात केस संपली नाही तर नोकरी गेली. वकिलांनी सांगितलं, साखरबाईनं आणि पृथ्वीराजनं तक्रार नाही म्हणून लिहून दिलं तर हायकोर्ट दोन्ही केसेस रद्द करेल. एकीनं लिहून द्यायचं आणि दुसऱ्यानं नाही, असं चालणार नाही.

म्हणून ती सगळी माझ्या टेबलापुढे होती. पृथ्वीराज वाकड्या तोंडानं बाकावर बसलेला, सारखी लाळ पुसत होता. डोळ्यांतली गुर्मी मात्र होती तशी. अंकिता मुठी आवळून उभी. साखरबाईनं डावा हात पदरात गुंडाळला होता. मी मजकूर वाचून दाखवला.

“गैरसमज कुणाचा?” तिनं विचारलं.

“अशीच भाषा असते, बाई,” वकील म्हणाले.

“कोयता लिवलाय का त्यात?”

“नाही.”

“आन् माझं कुत्रं?”

“बाई, ते लिहिलं तर तडजोड कसली?” मीच खेकसलो. मागं गिऱ्हाईकं खोळंबली होती.

अंकिता म्हणाली, “आई, नको. मला नको ती नोकरी.”

“गप. भरतीसाठी पळून पळून तुझ्या पायाची सालटी निघाली, ती मी बघितलीत.” मग माझ्याकडे वळून म्हणाली, “काढा कागुद, भाऊ.”

कागद निघाला. तळाला नेहमीप्रमाणे छापलेलं होतं, ‘निशाणी डावा अंगठा’. वकिलांनी शाईचं पॅड पुढे केलं. “डावा अंगठा द्या, साखरबाई.”

तिनं पदरातून हात काढला आणि कागदावर ठेवला. चार बोटं होती. अंगठ्याच्या जागी गुळगुळीत, लालसर खोबण होती.

“त्यो गैरसमजात तुटला, सायेब.”

अंकिता एकदम पृथ्वीराजकडे झेपावली. साखरबाईनं त्याच चार बोटांनी तिचं मनगट पकडलं आणि ती थांबेपर्यंत सोडलं नाही. पृथ्वीराज मान खाली घालून बसला. मी ‘डावा’ खोडून ‘उजवा’ टाईप केलं. तीनदा चुकलं, मग नवा कागद काढला. स्वतःचा इतका राग मला आयुष्यात कधी आला नव्हता.

तिनं उजवा अंगठा दाबला आणि म्हणाली, “चल अंके. मेंढरं एकटी हायत.”

वीस दिवसांत दोन्ही केसेस रद्द झाल्या. अंकिता आता दौंडकडच्या एका चौकीत आहे, लोकांच्या तक्रारी लिहून घेते. परवा रजेवर आली तेव्हा माझ्याकडे चहाला थांबली. ड्युटीवर जाताना आईनं काय सांगितलं, मी विचारलं.

“दुसरं काय सांगणार? म्हणाली, कोयत्याला कोयताच लिव.”