अरविंदभाऊजींचं रडणं

शालनचा फोन सकाळीच आला. "सुमन, हे गेले गं..." एवढंच म्हणाली. आम्ही इंद्रलोक बिल्डिंगमध्ये एकाच मजल्यावर, दारं समोरासमोर. तरी तिने फोन केला. उठून यायचं बळच उरलं नसेल. त्याला आता महिना होत आला.

अरविंदभाऊजींचं नाव लोकांना आठवायचं नाही, चेहरा मात्र सगळ्यांना ठाऊक. सिनेमात दोन मिनिटांचा हवालदार, नायकाचा भित्रा मामा आणि टीव्हीच्या मालिकेत बायकोला घाबरून रडणारा शेजारी. ते रडणं फार गाजलं. हनुवटी थरथरायची, नाक लाल व्हायचं आणि मागे रेकॉर्ड केलेला हशा फुटायचा. मीरा रोड स्टेशनबाहेर रिक्षावाले म्हणायचे, "अंकल, एक बार रो के दिखाओ ना!" भाऊजी लगेच रडून दाखवायचे. शालन चिडली की म्हणायचे, "अगं, या रडण्यावरच तर घर घेतलंय आपण."

पण दुःखाच्या घरी जायची त्यांना चोरी झाली होती. एकदा बिल्डिंगमध्ये कुणाच्या तरी मयतीला गेले, तर त्यांना पाहून घरातलीच माणसं तोंड लपवून हसायला लागली. तेव्हापासून ते लांबच उभे राहायचे.

आमचे हे आणि भाऊजी जिवलग मित्र; गिरगाव सोडून इकडे आले तेही बरोबरच. काही वर्षांपूर्वी हे गेले तेव्हा घर माणसांनी भरलं होतं, फक्त भाऊजी नव्हते. मला राग आला, खोटं कशाला सांगू? तेराव्यानंतर सगळे पांगल्यावर भाऊजी आले, यांच्या रिकाम्या खुर्चीसमोर बसले आणि रडायला लागले. तीच हनुवटी, तेच नाक... आणि मला हसू फुटलं. किती दिवसांनी हसले मी! हसता हसताच रडू कोसळलं.

भाऊजींनी डोळे पुसले. "हसा, वहिनी, बरं वाटेल. पण एकदा तरी मी रडावं आणि कुणी हसू नये, असं फार वाटतं हो."

एखादं गंभीर काम द्या, म्हणून ते दिग्दर्शकांच्या मागे लागायचे. ते लोकही हसायचे.

परवा मी शालनकडे बसले होते. टीव्हीवर नेमकी तीच जुनी मालिका लागली. मी घाईघाईने रिमोट उचलला, तर ती म्हणाली, "राहू दे. फक्त आवाज बंद कर."

मी आवाज बंद केला. मागचा हशा गेला. भाऊजी हातात रुमाल धरून रडत होते, हनुवटी थरथरत होती... शालनने माझा हात घट्ट धरला. आम्ही दोघी बघत राहिलो. हसलं कुणीच नाही.