उद्याचा रंग

माझं अक्षर वेडंवाकडं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मला कधी जमलं नाही. शाळा चौथीतच सुटली. ही वही कुणाच्या हाती लागलीच, तर चुकांची माफी असावी.

दौंडचं सासर सोडून आम्ही शिरूरला कारखान्याजवळच्या कॉलनीत भाड्यानं राहायला आलो. आम्ही बौद्ध आहोत हे मी तिथं कुणाला सांगितलं नाही. आडनावावरून कळत नव्हतं. शेजारणी यायच्या असल्या की बुद्धाची तसबीर मी कपाटात ठेवायची.

नवरात्रात गल्लीतल्या सगळ्या बायका रोज ठरलेल्या रंगाची साडी नेसून आरतीला जायच्या. आमच्याकडे पेपर येत नव्हता. शेजारच्या वहिनी संध्याकाळी भिंतीवरून ओरडायच्या, "उद्या हिरवा बरं का!" त्या घरी साड्या विकायच्या. त्यांच्याकडून मी चार साड्या हप्त्यानं घेतल्या, नवऱ्याला न सांगता. त्या एका हाकेसाठी मी काहीही केलं असतं.

पाचव्या दिवशी बायका माझ्या ओट्यावर बसल्या होत्या आणि निमोण्याहून माझे वडील आले. डोक्यावर शेंगांचं गाठोडं. ते उतरवून त्यांनी सगळ्यांना हात जोडले. "जय भीम, बायांनो."

 मग वहिनींनी मला विचारलं, "कोण हो हे?"

"गावचे आहेत," मी म्हणाले. "आमच्या शेतावर कामाला असतात."

वडिलांनी माझ्याकडे पाहिलं. "व्हय, गावचाच हाय मी. बाई, तेवढं पाणी द्या."

त्यांनी मला कधी 'द्या' म्हटलं नव्हतं. पाणी पिऊन ते स्टँडकडे गेले.

"नाक मात्र अगदी तुमच्यासारखं हो," एक जण म्हणाली. बाकीच्या हसल्या.

संध्याकाळी हाक आली नाही. मीच भिंतीपाशी जाऊन विचारलं, "वहिनी, उद्या कोणता?"

"तुमचा काय, निळाच की!"

मी खरंच निळी नेसून गेले. बाकी सगळ्या पिवळ्यात होत्या. एकीनं दुसरीला कोपर मारलं, तेव्हा मला कळलं.

वडील पुन्हा आले नाहीत. मी माहेरी गेले तेव्हा म्हणाले, "या, बसा." पुढं वारेपर्यंत ते मला तुम्हीच म्हणत राहिले.

साड्यांचे हप्ते तेवढे चालू होते. दर महिन्याला वहिनी फाटकातूनच पैसे घ्यायच्या, आत या म्हणायच्या नाहीत. शेवटचे दोनशे मी दिले, त्यांनी मोजले.

"फिटले सगळे," त्या म्हणाल्या आणि फाटक लावून घेतलं.