दुसऱ्या टोकाचा आकडा

बाबारावांची हयात टेलिफोनच्या तारा जोडण्यात गेली. एकोणनव्वदमध्ये वर्धा ते समुद्रपूर काचेच्या तंतूंची केबल आली. दोन तंतू वितळवून जोडले की त्या जोडात किती उजेड वाया जातो, ते यंत्राने मोजायचं. तेही दोन्ही टोकांकडून, कारण एकाच टोकाकडून पाहिलं तर वाईट जोडही चांगला दिसतो. सातव्या जोडाचं वर्ध्याकडून झकास माप आलं. समुद्रपूरची एसटी हुकली होती. पंचवीस वर्षांच्या नोकरीचा माज, दुसरं काय! दुसऱ्या टोकाचा आकडा त्यांनी मनानेच लिहून टाकला.

वैशाखात लाइन बंद पडली. त्याच दिवशी समुद्रपूरच्या भागीरथाबाईंचा नवरा गेला. नागपूरच्या मुलाला फोन लागेना. तो पोचला तो राख सावडायलाच.

बाबारावांनी आता समुद्रपूरकडून मोजलं. सातवा जोडच उजेड गिळत होता.

दुरुस्ती करून ते कबुली द्यायला भागीरथाबाईंच्या दारी गेले. बाईंनी खाट टाकली, पाणी दिलं.

"उन्हातानात लाइनीसाठी मरता, भाऊ. तुमी होते म्हनून दुसऱ्या दिवशी तरी पोराले फोन लागला."

बाबाराव ते पाणी प्याले, आणि नालायकासारखे गप्प उठून आले.