मोनालीनं न कापलेलं बोलणं

शेळगावची मोनाली बारामतीच्या एका स्टुडिओत लग्नांचे व्हिडिओ जोडायला शिकली, तेव्हा तिचे वडील रामभाऊ भेटेल त्याला सांगत, “पोरगी कंपुटरवर बसती आता.” पुढं ती मुंबईला गेली आणि युद्धांच्या माहितीपटांचं संकलन करू लागली. पंधरा वर्षांत नजर अशी तयार झाली, की जुन्या फितीतला रणगाडा पाहून ती ठणकावायची, “हे चित्र पासष्टचं आहे, एकाहत्तरच्या लढाईत चालणार नाही.” निर्माते वैतागत, पण चित्र बदलत.

एकदा एकाहत्तरच्या मालिकेसाठी तिच्याकडं सांगवीच्या जोतीरामआबांची मुलाखत आली. निवृत्त जवान. आबा सांगत होते, “खंदकात उडी घेतली, तर समोर माझ्याच वयाचं पोरगं. जखमी. पानी मागत हुतं. हातात बंदूक हुती त्याच्या, मी गोळी घातली. मला मेडल मिळालं. पर पानी द्यायचं राहिलं.”

निर्माता अविराज म्हणाला, “मेडलपाशी थांब. पुढं बिगूल टाक.”

“आणि पाणी?”

“काढ ते. शूर माणसं असं बोलत नाहीत.”

“मग कशी बोलतात? तुम्ही किती जणांचं ऐकलंय?”

“तू नाही कापलंस तर दुसरा कापेल.”

“कापू दे. मालिकेवरून माझं नाव काढा.” मोनाली उठली ती परत गेली नाही.

मालिका लागली. आबा मेडलपाशी थांबले, वर बिगूल वाजला. मोनालीनं दुसऱ्याच दिवशी सांगवी गाठली.

“जयभीम, आबा. तुमचं बोलणं कापलं त्यांनी.”

“व्हय, बघितलं. मेडलाच्या म्होरचं कुनाला नको असतं.”

“मला हवंय. पुन्हा सांगाल?”

दारातून त्यांच्या पत्नी बनाबाई आत आल्या आणि खाली बसल्या. “मी बी ऐकते. पन्नास वर्सांत मला तरी कुठं सांगितलंय?”

मोनालीनं वीस मिनिटांची फिल्म केली. बोलता बोलता आबा गप्प झाले, तेवढं गप्प बसणंही तसंच ठेवलं. शेळगावच्या विहाराच्या सभागृहात ती दाखवली, तेव्हा मधूनच एक तरुण उभा राहिला. “आपल्या जवानाला रडकं दाखवताय! बंद करा.”

मोनाली तोंड उघडणार, तोच पहिल्या रांगेतून आबा उठले.

“तू हुतास का तितं?”

“न्हाय.”

“मी हुतो. खाली बस.”

फिल्म शेवटपर्यंत चालली.

नंतर गावोगावची बोलावणी आली. अविराजचाही फोन आला, फिल्म हवी होती, फक्त थोडं संगीत घालून. मोनालीनं नकार दिला आणि बारामतीत संकलनासाठी स्वतःची खोली थाटली. काम घेण्याआधी ती एक अट लिहून घेते: जवानाला दाखवल्याशिवाय त्याचं एक वाक्यही कापायचं नाही. परवाच एक निर्माता ती वाचून उठून गेला. मोनालीनं खुर्ची पुढं ओढली आणि सणसरच्या एका निवृत्त सुभेदाराची मुलाखत पहिल्यापासून लावली.