खाऱ्या विहिरीचं गोड पाणी

निजामाच्या अमलात आमच्या गावाला दोन जाच होते. सरकारचा जाच सगळ्या मुलखाला होता. विहिरीचं खारं पाणी मात्र खास आमच्याच वाट्याला आलेलं. बोरीच्या पुढं, डोंगराच्या पायथ्याशी आमचं गाव. मुलगी द्यायला आलेले पाहुणे पाण्याचा घोट घेत, तोंड वाकडं करत आणि बैल जुंपत. माझी दोन स्थळं अशीच गेली.

तिसरं वालूरहून यायचं ठरलं, तेव्हा आईनं मला डोंगरात पिटाळलं. वर खडकाळीत गोड पाण्याचा एक झरा होता, पण तिथून रोज कावड कोण वाहणार? त्याच्या आसपास रानआवळीची झुडपं होती. माणसाच्या उंचीची, फळ बोराएवढं. पण एक चावून वर पाणी प्यालं की उसाचा रस प्याल्यासारखं वाटे. जंगलाच्या चौकीदाराची नजर चुकवून, काट्याकुट्यांतून घसरत, मी धोतराचा सोगा भरून आवळे आणले.

पाहुणे टेकले न टेकले तोच आईनं मीठ लावलेले आवळे पुढं केले. मागोमाग तांब्या. मुलीचा बाप घटाघटा प्याला.

"काय पाणी हाय वो तुमचं! निस्ती साखर!"

"देवाची किरपा," वडील गंभीरपणे म्हणाले आणि त्यांनी दुसरा तांब्या भरला. मी मान खाली घालून लाजायला सुरुवातही केली.

मुलीला लहानाचं मोठं करणारी तिची आत्या भिंतीशी बसली होती. ताटली पुढं येताच तिनं हात आखडला.

"तुळशीचं लगीन झाल्याबिगर आवळा न्हाई खात मी. निस्तं पाणी द्या."

आईचा चेहरा उतरला. हा नेम तीही पाळायची. पण माझ्या लग्नाच्या घाईत बाई तुळशीचं लग्न विसरली होती!

आत्यानं घोट घेतला, तोंडात घोळवला, कसाबसा गिळला.

"आवळे कुनी आनले?"

सगळ्यांनी मिळून माझ्याकडं बोट दाखवलं. वडिलांनीसुद्धा. आत्यानं माझ्या ओरखडलेल्या नडग्या न्याहाळल्या.

"पोरीसाठी डोंगर चढतोय, म्हंजी कामाचा हाय. दादा, द्या पोरगी. पर तिला गोड पाणी रोज ह्यानंच पाजायचं. चुकला की मला निरोप."

"मंजूर!" मी ओरडलो.

माघात झुडपं रिकामी झाली. बायकोनं एक खारट घोट घेतला, तांब्या खाली ठेवला आणि गोड आवाजात विचारलं, "आत्याला निरोप धाडू का?"

मी कावड खांद्यावर घेतली आणि डोंगरातल्या झऱ्याची वाट धरली.