शिवप्पाची टिचकी

फोनवर शिवप्पाचं नाव दिसलं आणि उचलताक्षणी मी म्हणालो, "काय रे, औंदा इतक्या लवकर गाभुळली?" माझा वाढदिवस पडतो माघाच्या आगेमागे, आणि अजून दिवाळीच्या पणत्यासुद्धा माळ्यावर चढल्या नव्हत्या, म्हणून चेष्टा. मी आणखी एक विनोद केला, तो इथं लिहीत नाही... मग शिवप्पाच्या बायकोचा, महादेवक्काचा, आवाज आला. "अण्णा, मी हाय. ह्ये गेले मघाशी." मरणाची बातमी चेष्टा करत घेणारा माणूस अख्ख्या बिदर जिल्ह्यात मी एकटाच असेन. शिवप्पाला हे कळलं असतं तर पोट धरून हसला असता. अडचण एवढीच की आता त्याला कळवायचं कसं.

गाभुळण्याचं प्रकरण आधी सांगायला हवं. हुमनाबादजवळच्या आमच्या गावात माझ्या वयाच्या सगळ्या पोरांचा जन्म एक जूनचा. शाळेत नाव घालताना हेडमास्तरांनी सरसकट तीच तारीख टाकली. एकाच दिवशी गावातल्या इतक्या बायका बाळंत झाल्या, तर सुईणीचं काय झालं असेल, हा प्रश्न सरकारला कधी पडला नाही. पुढं मोबाइल आल्यावर आमच्या वर्गाच्या ग्रुपवर एक जून म्हणजे जत्राच. मी आलेल्या शुभेच्छा पुढं ढकलण्यात पटाईत. 'आपल्या जीवनाच्या बागेत सुखाची फुले सदैव उमलत राहोत', वर दवबिंदूसह गुलाब. एकदा हा गुलाब मी सगळ्यांना पाठवला तेव्हा खाली कुठल्याशा मंगल कार्यालयाची जाहिरात तशीच राहिली होती. शिवप्पाचा लगेच फोन. "दत्तू, ह्यो गुलाब तुझ्या बागेतला न्हाई. ज्याचा हाय त्याला देऊन ये."

एक जून त्याला मान्यच नव्हता. वाढदिवस हेडमास्तर कसा सांगणार, तो आईनं सांगायचा, असं त्याचं म्हणणं. आमच्या ओट्यावर माझी माय तुरीची डाळ निवडत बसली होती तेव्हा त्यानं तिला सरळ विचारलं, "मावशी, ह्यो दत्तू कवा झाला?" तारीख, तिथी तिला काहीच सांगता येईना. पण दिवस मात्र तिला चांगला आठवत होता. "दारातल्या चिंचंखाली आकडा पडला होता, उचलला. टिचकी मारली तर पोकळ वाजला. त्या साली पयली गाभुळलेली तीच. तोंडात घालावी म्हणलं तर पोटात कळ आली. चिंच हातातच ऱ्हायली बघ, अन् ह्यो आला." मी हसलो. शिवप्पा नाही हसला. उठून झाडाकडं बघून आला.

पुढं मी बिदरला कोळार औद्योगिक वसाहतीतल्या एका गोदामात नोकरीला लागलो, माय गेली, आणि गावातलं घर शिवप्पानंच घेतलं, चिंचेसकट. तेव्हापासून त्याचा नेम सुरू झाला. थंडी सरत आली की तो रोज सकाळी झाडाखाली जायचा, पडलेले आकडे उचलायचा, नखानं टिचकी मारायचा. टरफल गरापासून सुटलेला पहिला आकडा सापडला की मला फोन. हॅलो नाही, काही नाही. आधी फोनजवळ टिचकी, टक्.

"आयकू आलं का?"

"व्हय."

"मंग झालास की आनखी येक वर्षानं म्हातारा."

आणि मग त्या सालाची शुभेच्छा. ती कुठून आलेली नसायची, झाडाखाली उभ्या उभ्याच सुचलेली असायची. निवृत्त झालो त्या वर्षी मी घरात तोंड पाडून बसलो होतो. तेव्हा म्हणाला, "चिंच गाभुळली की आपसूक टरफल सोडत्या, दत्तू. तू कामून त्या गोदामाला चिकटून बसायलास?" मुलाशी बोलणं बंद झालं होतं त्या साली: "निस्ता आंबट ऱ्हायलास तर लोकांचे दात आंबत्याल, निस्ता गोड झालास तर मुंग्या लागत्याल. मधलाच ऱ्हा." संध्याकाळी मी मुलाला फोन केला. शिवप्पाचं ऐकून केला असं मात्र त्याला कधी सांगितलं नाही. तो चढून बसला असता.

मी काय दिलं त्याला? एक फ्लेक्स. त्याला साठ लागली म्हणून एक जूनला हुमनाबादच्या बसस्टँडसमोर लावला. दुकानदाराला दोघांचे फोटो दिले, त्यात माझा स्टुडिओतला, झकपक. त्यानं तोच मोठा करून मधे घेतला आणि शिवप्पाला कोपऱ्यात, शुभेच्छुकाच्या जागी बसवलं. दिवसभर लोक मलाच हार घालत होते आणि मी घालून घेत होतो. संध्याकाळी शिवप्पानं तो फ्लेक्स उतरवून गुंडाळला, गावी नेला आणि कडब्याच्या गंजीवर अंथरला. "कडबा भिजंना झाला बघ. लई मोठं काम केलास तू." मी चिडून विचारलं, मग तुझा खरा वाढदिवस तरी कोणता? तो गंजीला दोरी बांधत होता. "मला सांगणारी माय मी रांगायच्या आतच गेली की... इचारायला कोण ऱ्हायलं? म्हणून तर तुझा सांभाळायलोय."

तो असा सांभाळलेला वाढदिवस आता कुणाच्या हाती नव्हता. मुलगा म्हणाला, "बाबा, एक तारीख ठरवून टाका." तारखेचं मला काय करायचंय? मला ती टिचकी हवी होती. ती वाजली नाही तर हे साल माझ्या वयात धरायचं की नाही, हेच मला कळेना.

संक्रांत झाली तसा मी दर आठवड्याला गावी जायला लागलो. झाडाखाली बसून आकड्यांना टिचक्या मारायच्या. ज्या झाडाखाली लहानाचा मोठा झालो त्याची गाभुळलेली चिंच मला ओळखता येईना. कच्च्या आकड्यांचे तुकडे पाडले, चावून पाहिले, दात इतके आंबले की घरी भाकरी चावेना. महादेवक्का दारातून बघायची. "अण्णा, दार वाजवल्यावानी मारू नका. ह्ये हळूच मारायचे." गंजीवर तो फ्लेक्स अजून आहे. माझा फोटो म्हशीनं ओढून खाल्लाय. कोपऱ्यातल्या शिवप्पाचा चेहरा उन्हानं पांढरा झालाय, आणि वर लाल अक्षरात 'उदंड आयुष्य लाभो' मात्र जसंच्या तसं आहे... मी तिकडं पाठ करूनच बसतो.

परवा एक आकडा उचलला. हळूच टिचकी मारली. टक्.

पुन्हा मारली. तोच आवाज, मी इतकी वर्षं फोनमधून ऐकलेला. आणि काय करतोय हे कळायच्या आत मी खिशातून फोन काढून शिवप्पाचा नंबर लावला होता. समोरच्या घरात फोन वाजायला लागला. मी बंद करणार, तेवढ्यात महादेवक्का फोन हातात घेऊन दारात आली. नाव वाचलं असावं तिनं. तिथूनच माझ्याकडं बघितलं. मी झाडाखाली, एका हातात फोन, एका हातात चिंच. तिला हाकेनं सांगता आलं असतं. पण तिनं पदर नीट केला, फोन कानाला लावला आणि दारातच उभी राहिली.

मी आकडा फोनजवळ नेला आणि टिचकी मारली.

"आयकू आलं," ती म्हणाली.