ढोलाची गाठ

हे मी कोणालाच सांगितलेलं नाही. पुढे लग्न झालं, बायकोलाही नाही. तुम्हाला सांगतोय, कारण — जाऊ दे, कारणबिरण काही नाही.

क्वामे घानाचा. जर्मनीत रेगेन्सबर्गला आम्ही एकाच कारखान्यात, एकाच टीममध्ये होतो. आमच्या गणपतीच्या ढोलपथकात त्याला मीच आणलं. त्याला बघून सगळे खूश. "काय ताकद आहे गड्याची!" तो हसायचा. मला मात्र एकदा म्हणाला, सगळे आधी माझा रंग नि दंड बघतात आणि मी कसला पुरुष ते परस्पर ठरवून टाकतात. घानात घरी असताना एका मुलीवर त्याचं मनापासून प्रेम होतं. आता एका पुरुषावर होतं. दोन्ही खरं, म्हणाला, यातलं एक खोटं ठरवायला लावू नकोस.

तो पुरुष कोण — सांगतो. थांबा जरा.

ढोल एकट्याला बांधता येत नाही, मागून कोणालातरी दोरी आवळावी लागते. त्याचा मी बांधायचो, माझा तो. मिरवणुकीच्या सकाळी गाठ मारून झाली, तरी माझा हात त्याच्या कमरेवर राहिला. मंडळातल्या एका काकांनी पाहिलं. "काय रे, काय चाललंय?" हसतच विचारलं त्यांनी. हसण्यावारी नेता आलं असतं ना? पण माझी पाचावर धारण बसली. म्हणालो, "अहो काका, त्याला बायका-पुरुष दोन्ही चालतात. माझ्या मागे लागलाय. मी लांबच असतो."

मराठीत! इथे आम्हाला सवयच ती — परक्यांसमोर बिनधास्त मराठीत बोलायचं. पण त्याला मराठी शिकवली कोणी? मीच की. माझ्या स्वयंपाकघरात, पोळ्या लाटता लाटता. जर्मन 'गेनाऊ' सोडून 'अगदी बरोबर' म्हणायला लागला होता. पहिल्यांदा जवळ ओढलं तेही तिथेच, आणि तेही मीच. तो तर विचारत होता, नक्की ना?

काका मागे सरकले. कोणीतरी आपल्या पोराला हाक मारून बाजूला घेतलं. क्वामे माझ्याकडे बघत राहिला — एका शब्दासाठी थांबला होता तो. मी टिपरू उचललं आणि ताशेवाल्यांकडे तोंड करून उभा राहिलो.

त्याने ढोल सोडायला हात मागे नेले. गाठ मी मारलेली, घट्ट. त्याला सुटेना. मी हातभर अंतरावर होतो. त्याने मला नाही, काकांना विचारलं, स्वच्छ मराठीत — "काका, जरा सोडता का?"

काका जागचे हलले नाहीत. मीही हललो नाही.